धुऊन काढलेले अकरा दगड

सासूबाईंनी अकरावा दगड नळाखाली धरला आणि दात घासायच्या जुन्या ब्रशने त्याच्या खाचा कोरायला घेतल्या. आधीचे दहा ओट्यावर अंथरलेल्या टॉवेलावर निथळत होते. दोन दिवस ती दगडांची मातकट पिशवी स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात पडली होती आणि पुसलेल्या लादीवर भुकटी सांडत होती. सुनेचं काम म्हणून त्यांनी दोन दिवस गिळलं. तिसऱ्या दिवशी कंबर कसली. वर प्रत्येक दगडाला जखमेला लावतात तसली पांढरी चिकटपट्टी. दगडांचे काय गुडघे फुटले होते? त्यांनी सगळ्या पट्ट्या ओढून काढल्या, त्यांचा गोळा केला आणि चहाच्या चोथ्यावर केराच्या डब्यात टाकला.

सून आत आली ती बूट न काढताच. तिने ओट्याकडे पाहिलं, पिशवी उलटी करून झटकली, आणि मग सरळ केराच्या डब्यात हात घातला.

“आई, यांच्यावर आकडे होते.”

“दगडावर काही नव्हतं. पट्टीवर होतं.”

सुनेने ओला गोळा उलगडला. एकीला दुसरी चिकटलेली, शाई फुटलेली, आकड्यांच्या जागी नुसते निळे डाग. ती खुर्चीवर बसली, उठली, खिडकीपर्यंत गेली आणि परत आली.

ती संग्रहालयात कामाला होती. गावाबाहेरच्या चुनखडीच्या खाणीतून जुन्या समुद्रातली, दगड झालेली पोवळी शोधून आणायची, ती कुठल्या जातीची ते ठरवायचं, हे तिचं काम. एकदा जेवताना तिने सासूबाईंना एका दगडावरची नक्षी दाखवली होती. मधाच्या पोळ्यासारखी घरं, एकेका घरात एकेक जीव, दोन घरांत मिळून एक भिंत. कोट्यवधी वर्षांपूर्वीची वस्ती. एक जात तर अशी, की तिच्यात भिंतीच नसतात, एका घराच्या रेषा सरळ शेजारच्या घरात जातात. भिंती नाहीत म्हणजे भांडणं किती होत असतील, असं सासूबाई तेव्हा म्हणाल्या होत्या, आणि सून हसली होती.

आज ती हसण्याच्या बेतात नव्हती. खाणीच्या कड्यात तीन थर होते, वरचा, मधला, खालचा, आणि पट्टीवरचा आकडा थराचा होता. संध्याकाळी पाच वाजता खालच्या कोपऱ्यात सुरुंग लागणार होता. त्याआधी चार वाजता सुनेचे साहेब आणि खाणीचा मालक तिथे येणार होते. कोपरा सोडावा असं त्यात काही आहे, हे तिने दाखवायचं, नाहीतर गप्प बसायचं. परवा तिने आणि खाणीच्या मुकादमाने घाईघाईत हे अकरा चिखलाचे गोळे काढले होते. कुठला कुठून काढला ते वहीत उतरवायचं काम आजवर ढकललं होतं. दगड एकाच रंगाचे. कुठून काढला ते सांगता आलं नाही, तर तो नुसता दगड.

“तुला नेहमी घाईच,” सासूबाई म्हणाल्या. मग ब्रश खाली ठेवून हात पुसले. “सरक. मळ मी काढलाय. कुणाचा कुठला ते मला ठाऊक आहे.”

ही बढाई नव्हती. चाळीस वर्षं त्यांनी मोठ्या इस्पितळाच्या लाँड्रीत काढली होती. चादर हातात आली की ती कुठल्या वॉर्डातली, ते चिठ्ठी न बघता सांगायच्या. चिठ्ठी वाचायची वेळच येऊ नये म्हणून त्यांनी ती विद्या कमावली होती, कारण अक्षरांशी त्यांचं कधी जमलं नाही. लाँड्रीत ते शेवटपर्यंत कुणाला कळलं नाही. ‘माहीत नाही’ हे शब्द त्यांच्या तोंडून कुणी ऐकले नव्हते. बस कुठे जाते विचारलं तरी सांगत. माणूस भलत्याच ठिकाणी पोचला, तर चूक बसची.

त्यांनी एकेक दगड उचलला, तळहातावर तोलला, बोट फिरवलं. हा वरचा, याचा पिवळा चिखल साबणासारखा बुळबुळीत होता, अजून नखात आहे. हा मधला, राखेसारखी पूड, पाणी लागताच वाहून गेली. हा खालचा, काळा गाळ, सडक्या अंड्याचा वास, दोनदा हात धुवावे लागले. सून भिंगाखाली खाचा तपासत होती, सुईच्या टोकाने उरलासुरला कण काढत होती. पिवळा. राखी. काळा. दहाच्या दहा बरोबर निघाले. तिने नवी पट्टी कापून दगडांवर आकडे लावायला सुरुवात केली.

मग तिने टॉवेलाच्या टोकाचा दगड उचलला. सकाळी सगळ्यांत आधी धुतलेला. तो तिने भिंगाखाली धरला, पाण्यात बुडवला, पुन्हा धरला.

“आई, बोट फिरवा यावर.”

सासूबाईंनी फिरवलं. बाकीच्यांवर बोट जागोजागी अडत होतं. इथे अडलं नाही. रेषा एका घरातून दुसऱ्यात पाण्यासारख्या निघून जात होत्या.

परवा त्याच्यावर चिखलाचा जाड लेप होता, सून म्हणाली, कळलंच नाही काय आहे ते. ही जात आजवर वरच्याच थरात सापडली होती. खालच्या थरात सापडली, तर त्या कोपऱ्याला कुणी हात लावणार नाही. तिने सुईने खाचा उकरल्या. खाचा लख्ख होत्या. कण म्हणून नव्हता.

“हा कुठला?”

सुनेच्या हातात कापलेली पट्टी होती आणि पेन उघडं होतं. एक शब्द बोलायचा होता. दहा बरोबर निघाल्यावर अकराव्यावर कोण शंका घेणार? सासूबाईंनी दगड हातात फिरवला. सकाळ आठवली. तेव्हा त्या मळाकडे बघतच नव्हत्या. लादी, पिशवी, सून आणि तिचे बूट यांचा उद्धार चालला होता, आणि त्या रागात हा दगड त्यांनी हाडापर्यंत घासला होता.

सून वाट बघत होती. दूर खाणीचा दीडचा भोंगा झाला.

“माहीत नाही,” सासूबाई म्हणाल्या.

सुनेने पेनाचं टोपण लावलं. सासूबाईंनी नळ उगाचच सोडला, बंद केला. मग ओट्याखालची बादली ओढली, तिच्यात पाण्याचा मग आणि दोन ब्रश टाकले, आणि पट्टीचं रीळ आपल्या पिशवीत घातलं.

“दगड घरी आणलेस, तिथेच घोळ झाला. जिथे आहे तिथेच धुऊ. ऊठ.”

“कडा वीस हात लांब आहे, आई.”

“रोजच्या चादरींची रांग याहून लांब असायची.”

खाणीत ऊन पांढरं पडलं होतं. मुकादमाने बादली बघितली आणि आजी डोंगराला आंघोळ घालणार का, असं विचारलं. त्याची झाली की तुझा नंबर, असं सांगून सासूबाईंनी त्यालाच पाणी आणायला पिटाळलं. तो गेला. दोघी खालच्या थराशी उकिडव्या बसल्या. काळा गाळ निघत होता, वास येत होता. सुनेला दोनदा वाटलं सापडलं, दोनदा भिंती निघाल्या. ती घड्याळ बघायची, सरकायची, पुन्हा घड्याळ बघायची. सासूबाईंनी घड्याळ बघितलं नाही. वीतभर धुवायचं, बोट फिरवायचं, पुढे जायचं. गुडघे बोलायला लागले, त्यांना गप्प केलं.

साडेतीन झाले असतील. कोपऱ्याच्या अगदी तळाशी त्यांनी मगाने पाणी मारलं आणि बोट फिरवलं. बोट अडलं नाही. त्यांनी तेवढाच भाग पुन्हा घासला, या वेळी हलक्या हाताने, पुन्हा पाणी मारलं, आणि पुन्हा बोट फिरवलं. मग हात मागे घेतला.

“इकडे ये.”

“काय आहे?”

“मला माहीत नाही,” सासूबाई म्हणाल्या. “तू बघ.”

सून चिखलात गुडघे टेकून पुढे वाकली आणि तिने भिंग डोळ्याला लावलं. वर रस्त्यावर मोटारीचं दार वाजलं. सासूबाईंनी पिशवीतून रीळ काढलं, दातांनी एक तुकडा तोडला आणि तो बोटांत ताणून धरून तशाच बसून राहिल्या.