ओवीचं प्रोफाइल

तीन महिन्यांपूर्वी उल्हासनगरच्या कॅम्प चारमधून सेकंडहँड टीव्ही बदलापूरला आणला, तेव्हा दुकानदार म्हणाला होता, “भाभी, रिसेट मत करना. जुन्या मालकाचं पिक्चर-कार्टूनचं ॲप चालू आहे, फुकट बघा.” किर्तीला तेव्हा कोण आनंद झाला होता! तिने त्यातच लेकीच्या नावाचं प्रोफाइल करून टाकलं.

आज दुपारी मात्र ॲप उघडेना. पडद्यावर नुसतं चक्र फिरत राहिलं आणि ओवीने भोकाड पसरलं. किर्तीने टीव्ही बंद करून चालू केला, वायफाय तपासलं, शेवटी नवऱ्याला ऑफिसात फोन लावला.

“अगं, अपडेट मार,” विनीत म्हणाला. “इंजिनीअर बायको केली ती काय उगाच?”

अपडेट झालं, ॲप उघडलं. पण ओवीच्या प्रोफाइलवरच्या अस्वलाच्या चित्राखाली तिचं नुसतं नाव नव्हतं. कुणीतरी ते बदलून लांबलचक केलं होतं. पहिलीतली ओवी पडद्यावर बोट ठेवून वाचू लागली.

“ओवी... रोज... एक वाजता... घरी... येतेस... ना?”

किर्तीच्या आत्ता लक्षात आलं. खातं ज्याचं होतं, त्याला तीन महिने सगळं दिसत होतं. लेकीचं नाव, कार्टून कधी सुरू होतं, कधी थांबतं. तिने घाईघाईने प्रोफाइल काढून टाकायचं बटण दाबलं. पडद्यावर चार रिकाम्या चौकटी आल्या. खातेदाराचा पिन टाका.

“आई, कोण विचारतंय गं?” ओवी म्हणाली. “हो म्हणून सांगू का?”