नवरा पुन्हा बांगडा झाला

‘अरे देवा, माझा नवरा पुन्हा बांगडा झाला!’ असं त्या सिनेमाचं नाव. आला तेव्हा आठवडाभरात आपटला. आता वर्षातून एकदा त्याची उरलेली एकुलती प्रत बाहेर निघते आणि मनिलातली कॉलेजची पोरं थिएटर भरून पडद्याबरोबर एकूण एक संवाद ओरडतात. नुसता वेडाचार!

मी गेलो तो लुमेनसाठी. पडद्यावर दिसते ती नटी दुसरीच. आवाज माझ्या बायकोचा. आमच्याकडे नटी देखणी असली की पुरे, बोलायचं काम लुमेनसारख्या बायकांचं. तिने आवाज दिलेले बाकीचे सिनेमे केव्हाच बुरशीने खाल्ले. ती गेल्यावर घरात फोटो तेवढे उरले. फोटोंशी बोलून बोलून मी कंटाळलोय.

या सिनेमात ती एका जागी चुकली होती. बांगडा झालेल्या नवऱ्याला, रोमुलोला हाक मारायची, तर सवयीने म्हणून गेली, ‘तेबान, ये रे जेवायला!’ तेबान म्हणजे मी. रोज दुपारी डबा घेऊन स्टुडिओच्या दाराशी बसायचो, तेव्हा ती अशीच हाक मारायची. निर्माता घाईत होता. चूक तशीच राहिली.

शेजारी पुठ्ठ्याचा बांगडा घेऊन एक मुलगी बसली होती. तिला म्हटलं, ‘पोरी, ती तेबानची हाक येते ना, तेवढ्यापुरतं गप्प बसाल का सगळे?’

‘काय हे आजोबा! त्याच्यासाठीच तर येतो आम्ही. कोण हा तेबान, देव जाणे. आवाज देणारी बाई झिंगली असणार!’

‘झिंगली नव्हती. भूक लागली होती तिला,’ मी चिडून म्हणालो. पण तेवढ्यात दिवे मालवले आणि गलका सुरू झाला.

लुमेनचा एक शब्द कानी पडू दिला नाही मेल्यांनी. मग तो प्रसंग आला. नटीचे ओठ हलले आणि अख्खं थिएटर गरजलं, ‘तेबान, ये रे जेवायला!’

एवढे गळे, त्यात तिचाच तेवढा ऐकू आला नाही. मला रडू फुटलं.

लगेच सगळे चिडीचूप. बांगडा काही उत्तर देत नाही, म्हणून तिथे थांबायचं हेही त्यांना पाठ. त्या शांततेत माझ्या तोंडून निघून गेलं, ‘आलो गं, लुमेन.’

हशा, शिट्ट्या, टाळ्या. मुलीने माझा दंडच धरला. ‘झकास, आजोबा! पुढच्या वर्षी आम्ही सगळे हे ओरडणार!’

‘नको गं,’ मी म्हटलं. ‘पुढच्या वर्षी नुसते गप्प बसा.’

तिला तोही विनोदच वाटला.