हलीमाचा थकवा

सुरैय्या जन्मली तेव्हा हलीमाच्या अंगावरून जाणारं रक्त थांबता थांबेना. शेजारच्या कौसाबाईने जुन्या कापडाच्या धडप्यांवर धडपे लावले, खाटेचं पायथ्याकडचं टोक विटांवर चढवलं. बाई वाचेल अशी आशा कोणालाच नव्हती. हलीमा वाचली, पण दूध काही उतरलं नाही. अळीव झाले, खसखस झाली, नवस झाले. छाती कोरडीच राहिली. पोर शेळीच्या दुधावर वाढली.

हलीमा मात्र अंथरुणातून उठली ती अर्धीच. नवरा सत्तार नंदुरबारातला पिंजारी. तो कापूस पिंजायचा आणि हलीमा गाद्या-रजया टाचायची. लग्न होऊन आली तेव्हा तिची सुई पाहायला बाया उभ्या राहत. आता एक ओळ टाचली की ती भिंतीला पाठ टेकायची. तिची पाळी गेली ती गेलीच. भुवया विरळ झाल्या, चेहरा भिजवलेल्या कणकेसारखा पांढुरका पडला. चैत्रात गाव घामाने निथळायचं, तेव्हा ही उन्हात चादर पांघरून बसायची.

"ऊठ वं हलीमा," सासू अख्तरबानो म्हणायची. "दीस डोकावर उना. काय दुखस तुन्हं?"

काहीच दुखत नव्हतं, हीच पंचाईत होती. ताप नाही, जखम नाही. नुसत्या थकण्याला आजार कोण म्हणणार? हळूहळू हलीमालाही वाटू लागलं की आपणच कामचुकार झालो. दुसरं मूल होत नाही म्हणून शहाद्याकडची एक मुलगी सत्तारसाठी सुचवली गेली. सत्तार हो म्हणाला नाही, पण नाहीही म्हणाला नाही. तेवढं हलीमाला पुरलं.

ती दुसऱ्या महायुद्धाची वर्षं होती. रमजान पावसाळ्यात आला होता. इतर बायांना पाळीच्या दिवसांत रोजे सुटायचे. हलीमाला तीही सवलत नव्हती. सासूला आपण आळशी नाही हे दाखवायचंच, म्हणून तिने एकही रोजा सोडला नाही. भोवळ आली की ती चौकट धरून उभी राहायची आणि कोणी पाहिलं नाही ना, हे बघून पुन्हा कामाला लागायची.

एका दुपारी तिला उलट्या सुरू झाल्या. सुरैय्या जवळ आली तर तिने विचारलं, "कोणनी पोर शे ही?"

अख्तरबानोला आधी ते सोंग वाटलं. मग तिने सुनेचा हात धरला. तो गार आणि घामाने ओला होता. म्हातारी ओरडत बाहेर धावली.

सत्तारने टांगा आणला. कौसाबाई हलीमाचं डोकं मांडीवर घेऊन बसली. टांगा डॉक्टर गिरधरांच्या दवाखान्यात नेला. ते तापीकाठच्या शेतकऱ्यांच्या घरातले, मुंबईला शिकून आलेले. त्यांनी शिरेतून साखरेचं पाणी सोडलं. काही वेळाने हलीमाने डोळे उघडले आणि लेकीचं नाव घेतलं. डॉक्टर तिचा चेहरा, भुवया, हातांचे तळवे न्याहाळत राहिले. मग त्यांनी विचारलं, "पोर व्हयनी तवय इले दूध उनं व्हतं का?"

"थेंब नही," कौसाबाई म्हणाली. "रगत मात्र लई गयं."

इतक्या वर्षांत या दोन गोष्टी कोणी एकत्र मांडल्या नव्हत्या.

डॉक्टरांनी सगळ्यांना बसवून सांगितलं. मेंदूच्या बुडाशी हरभऱ्याएवढी एक गाठ असते. दूध उतरणं, पाळी येणं तिच्याच हाती असतं. मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या दोन ग्रंथींना तीच कामाला लावते. त्यांच्या रसावर अंगातली ताकद आणि रक्तातली साखर टिकते. बाळंतपणात रक्त गेलं आणि ती गाठ वाळली. त्या ग्रंथीच बिघडल्या असत्या, तर हलीमाचा रंग काळवंडला असता. हिचा तर फिकटला. ग्रंथी जागेवर आहेत, पण त्यांना उठवणारं कोणी उरलं नाही. उपास पडला किंवा ताप आला की अंगाला जास्तीचा जोर लागतो, आणि तो हिच्याकडे नाही.

"मंग ही आळशी नही?" अख्तरबानोने विचारलं.

"नही माय. आळस नही शे हाई."

हलीमाने तोंड भिंतीकडे फिरवलं आणि ती रडली. तिला आनंदही झाला नाही, रागही आला नाही. आपल्याला काहीतरी झालं आहे, एवढं कळूनच ती दमून गेली.

औषध होतं, पण ते विलायतेहून यायचं आणि लढाईमुळे मुंबईतही मिळत नव्हतं. डॉक्टरांनी सांगितलं की थोडं थोडं सारखं खायचं, उपास कधीच नाही, आणि अंग तापलं तर घरी थांबायचं नाही. बरं होईल असं ते म्हणाले नाहीत.

उरलेल्या रमजानात अख्तरबानो स्वतः रोजा ठेवून दुपारी सुनेला भाकरी वाढत होती. माफी तिने मागितली नाही. शेजारणींनी नाकं मुरडली, तेव्हा मात्र ती म्हणाली, "अल्लाले माहीत शे. तुम्हले काय करनं शे?" शहाद्याच्या मुलीचा विषय सत्तारने आपणहून बंद केला.

दिवाळीच्या सुमारास हलीमाला हिवताप आला. या वेळी कोणी वाट पाहिली नाही. पहिली थंडी वाजताच सत्तारने टांगा बोलावला. ती पुन्हा वाचली.

थकवा काही गेला नाही. ती दुपारी दार सताड उघडं ठेवून निजायची, आणि बाहेरून येणाऱ्याला अख्तरबानो हळू आवाजात सांगायची, "बठ जराशी. हलीमा निजेल शे."