सतरा मिनिटं बिनआवाजाची

पत्र्याला भोकं पाडणाऱ्या प्रेसवर बावीस वर्षं काढून माझे अण्णा ठार बहिरे झाले. मालकाने निरोपाला घड्याळ दिलं, तेही टिकटिक करणारं! तेव्हापासून अण्णांनी चारचौघांत बसणंच सोडलं.

म्हणून मी फिल्म काढली. सतरा मिनिटं नुसती प्रेस, वर आणि खाली. गोष्ट नाही, माणूस नाही. आवाजावर मात्र चार महिने राबलो. अण्णांचे कान कशाने गेले ते कळू दे लेकाच्यांना, एवढाच हेतू.

पहिल्या खेळाला हातापाया पडून अण्णांना आणलं, तिसऱ्या रांगेत बसवलं. दिवे मालवले. पडद्यावर प्रेस खाली आली आणि आवाजच नाही!

मी धावत वर प्रोजेक्टरच्या केबिनमध्ये घुसलो. ऑपरेटर निवांत डबा खात होता.

"आवाज कुठंय?"

"म्हणजे, आवाज आहे होय? तुमचं ते प्रायोगिक ना! मागे एकाची मुकी फिल्म होती. मी आवाज शोधत बसलो तर अंगावर आला माझ्या. म्हटलं, यंदा आपणच शहाणं व्हावं. बटण बंद ठेवलं."

"अक्कल गहाण ठेवलीस का? लाव आधी!"

"लावतो की. हात तरी धुऊ द्या."

तेवढ्यात माझी नजर खिडकीतून खाली गेली. प्रेस आपटली की रांगच्या रांग दचकत होती. अण्णांच्या शेजारच्या बाईने चक्क कान झाकले होते. आणि अण्णा पडदा सोडून माणसं बघत होते. चेहरा असा फुललेला, की मी कित्येक वर्षांत पाहिला नव्हता.

"थांब. बटणाला हात लावू नकोस."

"एकदा काय ते ठरवा बुवा!"

खेळ संपल्यावर अण्णा ओरडूनच बोलले, "आवाज झकास घेतलास रे! बाई कान धरून बसली होती."

त्यांना ओठ वाचता यावेत म्हणून मी सावकाश बोललो. "अण्णा, आवाज बंद होता. कुणालाच काही ऐकू आलं नाही."

"कुणालाच?"

"कुणालाच."

 ते वळले, गर्दीत घुसले, त्या बाईला गाठलं आणि प्रेसची सगळी हकिगत सांगत सुटले. चारजण भोवती जमले. अण्णा थांबेनात.

मी परत वर गेलो.

"आता काय चुकलं?" ऑपरेटर म्हणाला.

"तुमचे उपकार झाले."

"टोमणा मारताय?"

"नाही हो," मी म्हणालो. आभार मानायची सवय नाही मला.