गाळलेलं कडवं

टिमकी सकाळपासून पायाला भिंगरी लागल्यासारखी खोलीत फिरत होती. सोळा वर्षांची पोर. तिचं पहिलं गाणं असं गाजलं होतं की दूधवालासुद्धा जिना चढताना तेच गुणगुणायचा. दुसरं गाणं येऊन आठवडा झाला, आणि सगळीकडे सामसूम. 'पहिल्याची सर नाही', 'एका गाण्यात दमली वाटतं' असं लोक लिहीत होते. ती ते वाचायची, फोन उशीखाली कोंबायची, पुन्हा काढून वाचायची. आज रेडिओवरच्या फर्माइशीत कुणीही आपलं नवं गाणं मागितलं नाही तर गाणंबिणं कायमचं बंद, असं तिनं आईला ठणकावून सांगितलं होतं. पोर हट्टी; बोलली म्हणजे करणारच.

मनात आणखी एक सल होता. या गाण्यात तिनं स्वतः लिहिलेलं एकच कडवं होतं आणि तेवढंच कंपनीच्या साहेबांनी गाळलं. "गाणं लांबतंय," म्हणाले. ते कडवं तिनं फक्त घरी, दार लावून म्हटलेलं. तेही दबकत, कारण ती गायला लागली की पलीकडच्या खोलीत बाबांचं शिलाई मशीन थांबायचं. बाबा वैतागतात, असं तिनं मनाशी धरूनच ठेवलं होतं. पहिलं गाणं गाजलं तेव्हासुद्धा त्यांनी एवढंच विचारलं होतं, "जेवलीस का?"

कार्यक्रम सुरू झाला आणि पहिलाच फोन तिच्या नव्या गाण्यासाठी! टिमकीनं टुणकन उडी मारली.

"मी एक अनोळखी श्रोती," रेडिओवरची बाई म्हणाली. "हे गाणं ऐकून माझी सांधेदुखी पळाली हो!"

सांधेदुखी मावशीची होती. नाक दाबून बोललं म्हणून मावशी थोडीच लपते! दुसरा फोन आईचा. मागे कुकरची शिट्टी झाली, तीच शिट्टी स्वयंपाकघरातूनही ऐकू आली. आपलेच दात, आपलेच ओठ, कुणावर ओरडणार? टिमकीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. म्हणजे बाहेरचं कुणीच नाही.

तिसरा फोन. "मला ते... नवीन गाणं ऐकायचंय." घोगरा केलेला आवाज भिंतीपलीकडून आधी आला, रेडिओतून मागून. बाबा!

निवेदिका मिस्कील होती. "काका, आज या गाण्याला भलतीच मागणी! आवडलेली ओळ म्हणून दाखवा बघू."

झालं, आता सगळ्यांसमोर शोभा. बाबांच्या तोंडून जन्मात कुणी सूर ऐकला नव्हता. टिमकीनं कान झाकले, तरी ऐकू आलंच. बाबा खाकरले आणि भसाड्या आवाजात, पण एकही शब्द न चुकता म्हणू लागले:

"मला विचारू नका कशी आहे,
मी अजून ठरवत आहे;
आरशातली ती पोरगीसुद्धा
माझी वाट बघत आहे."

"अहो, पण हे गाण्यात नाहीये!" निवेदिका गोंधळली. "तुम्ही कुठे ऐकलंत?"

 बाबा आवाज घोगरा करायचं विसरूनच गेले.

"घरात. ती म्हणायला लागली की मशीन थांबवतो. सुरू असलं की शब्द नीट कळत नाहीत."

 एवढी वर्षं टिमकीनं त्या थांबलेल्या मशीनचा राग केला होता. ती तरातरा पलीकडे गेली. गळ्यात टेप अडकवलेले बाबा चोरी पकडल्यासारखे फोन धरून उभे होते. खोट्या फर्माइशीवरून चांगलं फैलावर घ्यायचं ठरवून आली होती. त्यांचा चेहरा बघून सगळं विसरली. तिनं फोन काढून घेतला.

"बाबा, तिसरी ओळ वर जाते," म्हणाली, आणि तिथेच, वाद्य नाही, काही नाही, सबंध कडवं गायली.

निवेदिका पुढे काहीतरी बोलत होती. छान म्हणाली की फोन ठेवा म्हणाली, टिमकीनं लक्षच दिलं नाही. ती बाबांकडे बघत होती.

"पुन्हा म्हण," बाबा म्हणाले. "ती तिसरी ओळ मला अजून जमत नाही."