खिशातल्या चष्म्याचा सूड

मित्रांनो, पृथ्वीवरची मोठमोठी साम्राज्यं तलवारीवर उभी राहिली नाहीत. ती न वाचलेल्या कागदांवर उभी राहिली, आणि ज्या दिवशी कोणीतरी तो कागद वाचला, त्या दिवशी ती कोसळली. असं एक साम्राज्य मी स्वतः पाडलं आहे.

मी एक जुना चष्मा आहे. नंबर अधिक सव्वा, किंमत साडेतीनशे रुपये, डावी काडी दोऱ्याने बांधलेली. साम्राज्य पूर्ण पडलं नाही, हे आधीच कबूल करतो. त्यातली चार वर्षं अकरा महिने तेवढी पडली.

माझा जन्म आदिलाबादच्या बाजारातल्या एका लहानशा दुकानात झाला. माझे पहिले मालक उत्तमराव. ते उटनूरला एका सरकारी कचेरीत कारकून होते आणि राहायला गुडीहत्नूरला, भाड्याच्या दोन खोल्यांत. चाळिशी लागली, पहाणीच्या, म्हणजे शेतजमिनीच्या उताऱ्याच्या, नकलेवरचे आकडे एकमेकांत मिसळू लागले, तेव्हा त्यांनी मला घेतलं. ते दिवस माझ्या वैभवाचे होते. साहेब स्वतः म्हणायचे, "उत्तमरावनं चष्मा लावला की शून्य इकडचं तिकडं होत नाही." मी नाकावर ताठ बसायचो. दुसऱ्याच्या कागदातलं एक शून्य आम्ही कधी चुकू दिलं नाही.

मग त्यांच्या स्वतःच्या कागदाची वेळ आली.

चार वर्षांपूर्वीची गोष्ट. हायवेजवळच्या नव्या वस्तीत उत्तमरावांनी तयार घर पाहिलं. अठरा लाख कर्ज लागणार होतं. आदिलाबादच्या एका बँकेने मंगल कार्यालयात गृहकर्जाचा मेळावा भरवला होता. मंडप, थंड पाणी, आणि फोटोसाठी दोन हात लांबीची थर्माकोलची चावी. उत्तमरावांपुढे बेचाळीस पानांचा करार आला. त्यांनी मला डोळ्यांवर चढवलं. मी पहिल्या पानावर नजर टाकली, इतक्यात फोटोवाला म्हणाला, "साहेब, चष्मा काढा. काच चमकते, आणि तुम्ही साठीचे दिसता."

मित्रांनो, त्यांनी मला काढलं. बडीशेपेच्या पुडीशेजारी खिशात ठेवलं. आणि अंधुक डोळ्यांनी, हसऱ्या तोंडाने, बेचाळीस पानांवर त्रेचाळीस सह्या केल्या. शेवटच्या पानावर हौसेने दोन केल्या. खिशातून मला फक्त पेनाची कुरकुर ऐकू येत होती. त्या क्षणी मी शपथ घेतली. या माणसाला हा करार एक दिवस मी वाचायला लावीन, मोठ्याने, बायकोसमोर.

चष्म्याजवळ सूड घेण्याचं साधन फार नसतं. पण थांबता येतं. मला थांबायला काही खर्च नव्हता. उत्तमरावांना होता, पण ते त्यांना ठाऊक नव्हतं.

घर झालं. बुद्धवंदना झाली, खीर झाली, लोक जेवून गेले. हप्ता तेरा हजार नऊशे पंचावन्न, मुदत वीस वर्षं. उत्तमराव एक्केचाळीस वर्षांचे, निवृत्तीचं वय एकसष्ट. म्हणजे ज्या महिन्यात शेवटचा पगार, त्याच महिन्यात शेवटचा हप्ता. उत्तमराव हा हिशेब सगळ्यांना सांगायचे, जणू तो बँकेने नाही, निसर्गाने जुळवला होता.

दोन वर्षांनी व्याजाचे दर चढले. सातवरून नऊवर गेले. शेजारचे नागोराव मास्तर, त्यांचंही कर्ज होतं, तोंड पाडून आले.

"उत्तमराव, माहा हप्ता वाढला. दोन हजारानं."

उत्तमरावांनी मोबाइल पाहिला. बँकेचा निरोप आला होता. पहिल्या ओळीत लिहिलं होतं, आपल्या हप्त्यात बदल नाही. खाली आणखी एक ओळ होती. तेव्हा मी डोळ्यांवर नव्हतो, कपाळावर होतो. कपाळाला वाचता येत नाही.

"आपला तं जैसे थे हाय," उत्तमराव म्हणाले. "बँक मानूस पाहून वागते, मास्तर."

"मी सोता अर्ज देला होता, हप्ता वाढवा म्हनून," मास्तर म्हणाले.

"सोता? काऊन?"

"जाऊ द्या. तुमचा नाई वाढला, तं मिरची भज्जी खाऊ घाला. पहिले ते पाहू."

भज्जी उत्तमरावांनी लगेच आणली, हप्ता न वाढल्याच्या आनंदात. सगळ्यांना वाटली. दुसऱ्या ओळीत काय होतं, ते पुढे सांगतो. सूड घेणाऱ्याने सगळं एकदम सांगायचं नसतं.

त्यानंतर माझ्यावर उपेक्षेचे दिवस आले. उत्तमरावांचा नंबर वाढला आणि त्यांनी सोनेरी काडीचा, दोन मजली काचेचा नवा चष्मा आणला. मी खणात गेलो. तिथे जळालेला बल्ब होता, मुदत संपलेलं खोकल्याचं औषध होतं. बल्ब सज्जन होता, पण त्याच्याशी काय बोलणार? त्याचा प्रकाश संपला होता आणि माझा सूड बाकी होता.

एके दिवशी खण उघडला. नीलिमाबाईंचा हात आत आला. उत्तमरावांच्या पत्नीला डाळीतले खडे दिसेनासे झाले होते. त्यांनी मला फुंकर मारली, लावलं, आणि डाळीकडे पाहून म्हणाल्या, "अगं माय! इतके खडे खाल्ले का आमी?"

आमचा नंबर जुळला. पण खरी गंमत डाळीत नव्हती. नीलिमाबाई वस्तीतल्या बायकांच्या बचत संघमचं दप्तर सांभाळत. दर मंगळवारी बायका जमायच्या, घेतलेल्या उसन्याचे पैसे भरायच्या. दप्तरात तीन रकाने, व्याज, मुद्दल, बाकी. आणि तिथला एक रिवाज होता. पैसे भरणारी बाई, "मुद्दलात किती गेले?" हे विचारल्याशिवाय आणि आकडा ऐकल्याशिवाय उठायची नाही. बयनाबाई अंगठा लावायच्या, पण अंगठ्याची शाई पुसायच्या आधी विचारायच्या, "मुद्दलात किती गेले, नीलिमा?" उत्तमराव बी.ए. होते. त्यांनी बँकेला चार वर्षांत हा प्रश्न एकदाही विचारला नव्हता.

मी समजलो, माझी वेळ जवळ आली आहे.

मार्च महिना होता. रविवार. बँकेकडून वर्षभराच्या व्याजाचा दाखला आला होता. उत्तमराव दरवर्षी तो आयकरात सूट मिळायला जोडत आणि जेवढं व्याज जास्त, तेवढे खूश होत. त्यात आज दुसराही आनंद होता. नीलिमाबाईंची चिट्टी फुटली होती, दर महिन्याला भरलेल्या भिशीचे एक लाख रुपये हाती आले होते. उद्या बंडू मिस्त्री आगाऊ रक्कम न्यायला येणार होता. घराला फाटक लागणार होतं, दोन बाजूंना खांब आणि खांबांवर सिमेंटचे दोन सिंह. सध्या तिथे बांबू आडवा होता, आणि बांबूखालून शेळ्या येऊन कढीपत्ता खाऊन जात.

"दीड लाख व्याज!" उत्तमराव दाखला फडकावत म्हणाले. "सूट चांगली भेटते यंदा."

नीलिमाबाई लसूण सोलत होत्या. मी त्यांच्या नाकावर होतो.

"अन् मुद्दलात किती गेले?"

"पंधरा हजार तीनशे चाळीस."

"बराबर हाय. हप्ता तेरा नऊशे पंचावन्न, मुद्दलात पंधरा..." नीलिमाबाई थांबल्या. "महिन्याचे कसे पंधरा होतीन? हप्ताच चौदाचा हाय."

"नाई, महिन्याचे नाई," उत्तमराव म्हणाले. त्यांचा आवाज दाखल्यावर अडखळला. "वर्षाचे."

लसूण खाली गेला.

"अहो, आपल्या संघमात बयनाबाईनं असं भरलं असतं तं तिनं मले मारलं असतं. फाइल आना."

"कोन्ती?"

"सह्या केल्या ते."

फाइल पलंगाखालच्या सुटकेसमध्ये होती. नीलिमाबाईंनी ती मांडीवर घेतली आणि मी तो करार पहिल्यांदाच पहिल्या पानापुढे पाहिला. मित्रांनो, चार वर्षं मी ज्या पानांसाठी जळत होतो, ती माझ्यासमोर एकेक उलटत होती. एकोणिसाव्या पानावर नीलिमाबाईंचं बोट थांबलं. तिथली अक्षरं मुंगीला मुंगी चिकटावी तशी होती. मी माझी पूर्ण ताकद लावली.

"हे वाचा," त्या म्हणाल्या. "मोठ्यानं."

उत्तमरावांनी सोनेरी चष्मा वर केला, खाली केला, मान वाकडी केली. दोन मजली काचेतून कुठल्या मजल्यावरून पाहावं ते त्यांना कळेना. "दिसून नाही राह्यलं," ते म्हणाले.

नीलिमाबाईंनी मला काढून त्यांच्या हातात दिलं. एका काचेने नाही, दोन्ही काचांनी मला त्यांच्याकडे पाहायचं होतं. त्यांनी मला लावलं, कागद हातभर लांब धरला आणि वाचलं. "व्याजदर वाढल्यास बँक हप्ता वाढवील, अथवा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवील. निर्णय बँकेचा राहील."

तीच दुसरी ओळ. तीच मोबाइलवरची. हप्त्यात बदल नाही, मुदतीत आहे. मास्तरांनी हप्ता वाढवायचा अर्ज स्वतः का दिला होता, ते उत्तमरावांना आता कळलं.

दाखल्याच्या तळाशी लिहिलं होतं, शिल्लक कर्ज सोळा लाख एक्याऐंशी हजार नऊशे. शिल्लक हप्ते तीनशे तेरा.

उत्तमरावांनी बाराने भागलं. मग परत भागलं. बाराऐवजी दुसऱ्या कशाने भागता येईल का, तेही पाहिलं असावं.

"सव्वीस वर्षं," ते म्हणाले.

"तुमची नोकरी सोळा वर्षं. एकाहत्तर वर्षांचे होसान तुमी शेवटच्या हप्त्याले. पेन्शनीतून भरान." नीलिमाबाई शांत होत्या, आणि ते वाईट होतं. "वीसाचे तीस वर्षं झाले. अठरा लाख घेतले, पन्नास लाखांच्या वर भरान. चार वर्षांत पावनेसात लाख देले, त्याच्यातले घराले लागले एक लाख अठरा हजार. एक न्हानीघर झालं असंन आपलं."

मला वाटलं होतं, या क्षणी मी आतून हसेन. उत्तमराव मान खाली घालून बसले. माझ्या काचांवर वाफ आली.

"माह्या बापानं दुसऱ्याच्या वावरात जिंदगी काढली," ते म्हणाले. "त्याचं नाव कोन्या कागदावर नोतं. अन् त्या दिवशी पाह्यलं तं पानापानावर माहं नाव छापेल. धूसर दिसत होतं, पन माहंच होतं. मले वाटलं, सही करतच जावं."

 मी माझा सूड थोडा बाजूला सरकवला. पूर्ण नाही. बाकीचा बँकेकडे वळवला.

"हे लाख रुपये बँकेत भरा," नीलिमाबाई म्हणाल्या.

"अन् सिंह?"

"लाखाचं व्याज महिन्याले साडेसातशे. ते वाचले का तेच साडेसातशे दर महिन्याले मुद्दलात जातीन. सिंह काय देईन?"

"लोक म्हनतीन, घर घेतलं अन् फाटक नाई."

"लोक हप्ता भरून राह्यले का आपला?"

उत्तमरावांनी बांबूकडे पाहिलं. एक शेळी आत येतच होती. त्यांनी बंडू मिस्त्रीला फोन लावला.

मंगळवारी संघमचं काम आटोपून नीलिमाबाई आदिलाबादला बँकेत गेल्या. उत्तमरावांना बरोबर घेतलं, कारण सही त्यांची लागणार होती. सोनेरी चष्मा घरी ठेवायला लावला.

बँकेत हर्षदीप नावाचे अधिकारी होते, भैंशाकडचे, तरुण, गोड बोलणारे.

"पैसे खात्यात राहू द्या, ताई. हप्ते आपोआप कटत राहतील."

"खात्यात नाई. मुद्दलात टाका."

"बरं, मुद्दलात. मग हप्ता कमी करून देतो. महिन्याला आठशे तीस रुपयांनी हलका. आनंद करा."

उत्तमरावांचा चेहरा उजळला. नीलिमाबाईंनी त्यांच्या पायावर पाय ठेवला.

"हप्ता तेवढाच ठेवा, दादा. वर्षं कापा."

"असं सहसा कोणी मागत नाही, ताई."

"आमी मागून राह्यलो ना? लिहून द्या."

हर्षदीप साहेबांनी कळफलक बडवला. यंत्राने कागद बाहेर टाकला. नीलिमाबाईंनी मला नीट बसवलं आणि वाचलं. शिल्लक हप्ते दोनशे चौपन्न. तीनशे तेरातून दोनशे चौपन्न गेले, एकोणसाठ मेले. एका लाखाने आठ लाख तेवीस हजारांचे हप्ते मारले. मी काचेपासून काडीपर्यंत थरारलो.

"एकोनसाठ काऊन?" नीलिमाबाई म्हणाल्या. "साठ करा. पुरे पाच वर्षं होतीन."

"ताई, ते मशीन करतं."

"मंग पुढच्या वर्षी येतो. चिट्टी परत लावली हाय." त्यांनी घडी घातली. "अन् व्याज उतरलं का हप्ता कमी करू नका. आमाले विचारा. आमी वर्षं कापतो."

निघताना उत्तमरावांनी काउंटरवर वाकून हळूच विचारलं, "साहेब, मुद्दलात किती गेले?"

"पूर्ण एक लाख."

ते रस्ताभर हे वाक्य स्वतःशी म्हणत होते.

पुढच्या मंगळवारी संघमात नऊ बायका आपापल्या नवऱ्यांच्या फायली घेऊन आल्या. मी त्यांच्या नाकांवरून फिरलो, ज्यांचा नंबर जुळला त्यांच्या, आणि ज्यांचा जुळला नाही त्यांच्याही. अजून एकवीस वर्षं दोन महिने बाकी आहेत. पण मला आता खणात कोणी टाकत नाही, आणि मी विसरलेलो नाही.

म्हणून मित्रांनो, घर जरूर घ्या. पण हप्ता केवढा, एवढंच विचारून उठू नका. शेवटचा हप्ता कोणत्या वर्षी, तेव्हा तुमचं वय किती, आणि आज भरलेल्यातून मुद्दलात किती, हे विचारा. सही करताना फोटोवाल्याला उभं ठेवा. पान उलटा, वाचा, मग हसा.

एवढंच सांगायचं होतं. आणि नीलिमाबाई कुठे भेटल्या तर त्यांना एक निरोप द्या. सूड, साम्राज्य वगैरे सगळं ठीक आहे, पण मिरच्या कांडताना मला डोळ्यांवर ठेवू नका. मला पापण्या नाहीत.