जावई झाड

"तुझ्या त्या झाडाला सांग, माझ्या खळ्यावर हातपाय पसरू नको म्हणून!"

थोरला बांधावर उभा राहून ओरडत होता. मी पलीकडं वाफ्यांना पाणी धरलं होतं. आमचं रान त्या दोघा भावांच्या रानाला लागून, त्यामुळं त्यांची भांडणं मला फुकटात ऐकायला मिळायची.

"झाडाला कान नाहीत, दादा. काय ते मला सांग," धाकटा म्हणाला.

"तुलाच सांगतोय. जायपत्री वाळत घातलीय, अन् ऊन कलायला लागलं की तुझ्या झाडाची सावली तिच्यावर. कालची सगळी बुरसली. एक फळ धरत नाही मेलं, नुसतं वाढलंय रेड्यासारखं!"

"वाटणीच्या वेळी माझ्या पदरात घालताना गोड वाटलं होतं की."

"बदल्यात विहिरीकडचा तुकडा घेतलास, ते नाही सांगत. तोड ते अन् घाल चुलीत. निदान आंघोळीचं पाणी तरी तापेल."

धाकटा खाली मान घालून घराकडं गेला. गेला तो कुऱ्हाड घेऊनच आला.

त्या झाडाची गोष्ट सांगायला हवी. दोघांचा बाप तरुणपणी लांब कुठंतरी जायफळाच्या बागेत कामाला होता. परत येताना धोतराच्या सोग्यात बिया बांधून आणल्या. आमच्या पंचक्रोशीत जायफळ कुणी पाहिलेलं नव्हतं. रोपं झाली, झाडं झाली, तरी सात-आठ वर्षं म्हाताऱ्याला कळेना की कुठलं झाड काय देणार. मग काहींना फळं धरली. काहींना नुसताच मोहर यायचा अन् गळून जायचा. तसली झाडं म्हाताऱ्यानं स्वतःच्या हातानं तोडली, पण एक ठेवलं. त्याला तो जावई म्हणायचा. पाणी घालायला निघाला की पहिली घागर त्याला. कुणी हसलं की म्हणायचा, "जावयाचा मान असतो, बाबांनो." आम्हाला वाटायचं, म्हातारा गमत्या आहे. जावई बसून खातो अन् काम करत नाही, म्हणून म्हणत असेल. बाप गेला, वाटण्या झाल्या. फळणारी झाडं सगळी थोरल्याकडं गेली, जावई धाकट्याकडं. धाकट्याला त्याचं फारसं दुःख नव्हतं. तो कलमं बांधणारा. आंबा म्हणू नका, लिंबू म्हणू नका, त्यानं बांधलेली काडी वाया गेली असं कधी ऐकलं नाही. लोक गाडी पाठवून त्याला न्यायचे.

झाड पडलं तेव्हा माझ्या पायाखालची जमीन हलली. थोरला खळ्यावर ऊन आलेलं बघून खूश झाला. त्या वर्षी पीकही असं लागलं की थोरल्याच्या बायकोला, थोरलीला, पाट्या पुरेनात. थोरला येईल त्याला सांगायचा, "बघ, ती अवदसा गेली अन् बाग कशी मोकळी झाली!" आता जायफळाचं फळ पिकायला आठ-नऊ महिने लागतात. झाडांवर जे होतं ते कुऱ्हाडीच्या आधी धरलेलं, हे त्याला कोण सांगणार? ठाऊकच कुणाला होतं?

पुढच्या हंगामात मोहर आला, भरून आला. अन् सगळा गळाला. थोरलीनं झाडांखाली शेण-राख घातली, पाणी वाढवलं, कमी करून पाहिलं. बोराएवढं फळसुद्धा धरेना. बाजारात कुणीतरी थोरल्याच्या कानाला लागलं, की मुळाशी मीठ घातलं तर असं होतं. उचलली जीभ अन् लावली टाळ्याला. थोरला तिथून आला तो सरळ बांध ओलांडून.

"किती मीठ घातलंस?"

"कसलं मीठ?" धाकटा रोपांपुढं बसला होता. त्याच्या हातात चाकू होता, कलमाचा, बोटाएवढा.

"बापानं लावलेली झाडं मारलीस, भाड्या! तुझं वांझ निघालं म्हणून माझीबी वांझ केलीस!"

"दादा, तोंड सांभाळ."

थोरल्याच्या हातात कुदळीचा दांडा होता. मी धावलो, पण मी पोचेपर्यंत जे व्हायचं ते होऊन गेलं होतं. धाकट्यानं डोकं वाचवायला हात वर केला अन् दांडा मनगटावर बसला. सुकी काटकी मोडावी तसा आवाज आला. धाकट्याची बायको, धाकली, दारातनं किंचाळत आली. थोरला दांडा टाकून तिथंच उभा राहिला, जणू तो दुसऱ्याच कुणीतरी मारला होता.

हाड बसवलं, पण वाकडं बसलं. उजव्या हाताची बोटं मिटेनात. चाकू धरायला गेला की गळून पडायचा. गाड्या यायच्या बंद झाल्या. सदऱ्याची बटणंसुद्धा धाकलीच लावायची.

थोरलीला राहवेना. ती नवऱ्याला न सांगता शेतकी कचेरीत गेली अन् तिथल्या बाईंना घेऊन आली. बाई तरुण होत्या, चपला काढून चिखलात उतरल्या. माती चाखून पाहिली. मीठ नव्हतं. मग खाली पडलेलं एक फूल उचललं, नखानं उघडलं, दुसरं उघडलं.

"ही सगळी मादी झाडं आहेत. नर कुठाय?"

"झाडांत कसला नर?" थोरल्यानं विचारलं.

"जायफळ विभक्तलिंगी असतं, काका," बाई थोरल्याला म्हणाल्या.

"विभक्त?" मी म्हणालो. "म्हंजे ह्या दोघा भावांसारखं?"

कुणी हसलं नाही. बाईंनीच सावरून घेतलं. "असं बघा, जास्वंदीच्या एकाच फुलात नर-मादी दोन्ही असतात. नवरा-बायको एका खोलीत. भोपळ्याचं नरफूल वेगळं, मादीफूल वेगळं, पण वेल एकच. घर एक, खोल्या दोन. जायफळाची घरंच दोन. एक झाड नुसतं नर, दुसरं नुसतं मादी. म्हणून विभक्तलिंगी. पण विभक्त म्हंजे संबंध तुटलेला नसतो. बारीक किडे ह्या घरचं त्या घरी नेतात, तेव्हा फळ धरतं. दहा झाडांना एक नर पुरतो. तुमच्याकडं मोहर येऊन फळ न धरणारं एखादं झाड नव्हतं का?"

थोरलीनं बांधापलीकडं बोट केलं. बुंधा धाकलीच्या सरपणाच्या ढिगाआड गेला होता.

गावात तो शब्द मात्र रुजला. कुणाची बायको माहेरी गेली की पारावरची टवाळ माणसं म्हणायची, "काय रे, विभक्तलिंगी झालास का?" थोरल्याच्या कानावर हे पडलं की तो वाट बदलायचा.

बाईंनी एक मार्ग सांगितला होता. एका मादी झाडाचा शेंडा छाटून तिथं नर झाडाच्या काड्यांचं कलम बांधायचं. धरलं तर दोन-चार वर्षांत नराचा मोहर येईल. बाप काम करायचा ती बाग शोधत थोरला गेला अन् ओल्या फडक्यात काड्या गुंडाळून आणल्या. आणल्या खऱ्या, पण बांधणार कोण? अख्ख्या मुलखात असला नाजूक हात एकाचाच होता.

थोरला बांधावर जाऊन उभा राहिला. हाक मारायला त्याला किती वेळ लागला! धाकट्यानं पाहिलं, अन् बायको नको नको म्हणत असताना बांध ओलांडून आला.

"चाकू मला धरता येत नाही," तो म्हणाला. "मी सांगतो, तू काप."

"माझ्यानं होईल?"

"बघू."

"तिरका घे. दाबू नको, ओढ. साल सोलवटतेय दादा, हलक्या हातानं!" धाकटा सांगत होता, अन् सांगताना त्याची ती न मिटणारी बोटं हवेत हलत होती. थोरल्याचे हात नांगराचे. खाच कधी खोल जायची, कधी काडी चिरायची. घाम काडीवर पडायचा. एकदा धाकट्यानं न राहवून चाकू ओढून घेतला. त्याच्या बोटांतनं तो गळून गवतात पडला. थोरल्यानं तो उचलला अन् तसाच हातात धरून लहान पोरासारखा रडला. धाकट्यानं तोंड फिरवलं. म्हणाला, "पट्टी आवळ. सुकतंय."

काड्या आधी हिरव्या राहिल्या. मग एकेक करून काळ्या पडल्या. धाकटा रोज येऊन पाहायचा. शेवटची काळी पडली तेव्हा म्हणाला, "जाऊ दे. हात मोडायच्या आधी माझ्या बुंध्याला फुटवे आले होते, मी बघितलेत; मग तिकडं फिरकलोच नाही. तेच वाढू देतो. चार-पाच वर्षं जातील, पण मूळ बापाचं आहे, दम धरेल."

थोरल्याच्या तोंडावर कितीतरी दिवसांनी तजेला दिसला. दोघं निघाले, मीही मागनं गेलो.

सरपणाच्या ढिगाआड बुंध्यावर तीन दगडांची चूल मांडलेली होती. वर हंडा, खाली जाळ. लाकूड पार आतपर्यंत कोळसा झालेलं, भोवतीची मुळं भाजून वर आलेली. धाकली फुंकणीनं जाळ फुंकत होती.

"हे कधीपासून?" धाकट्यानं विचारलं.

"तुमचा हात मोडला तेव्हापासून." ती उठली नाही. "रोज फुटवे फुटायचे, रोज जाळायची. ज्यानं माझ्या नवऱ्याचा हात मोडला, त्याच्या बागेला नवरा मिळू द्यायचा नाही, असं ठरवलं होतं. काय करायचं ते करा."

कुणीच काही केलं नाही. थोरला नुसता म्हणाला, "तिची चूक नाही रे," अन् बांधाकडं वळला. धाकटा चुलीपाशी बसून राहिला. पाणी उकळलं तसं धाकलीनं हंडा उतरवला, गार पाण्याचं विसण घातलं, अन् नेहमीसारखी त्याच्या सदऱ्याची बटणं सोडायला लागली.